टर्फ घालायचं की मैदान राखायचं?

देवळाच्या मंडपात बैठक होती. मुंबई मंडळाने वाडीतल्या मुलांच्या खेळासाठी बऱ्यापैकी रक्कम जमवली आहे आणि तिचं काय करायचं यावरून सरळ दोन तट पडलेत. चाकरमान्यांना टर्फ, म्हणजे कृत्रिम गवताचं मैदान, हवंय. जाळी, दिवे, खाली हिरवागार गालिचा, आणि संध्याकाळी तासाच्या भाड्याने मंडळाला उत्पन्न. गावात राहणाऱ्यांचं म्हणणं, शाळेमागचं मैदान आहे तेच नीट करा, त्यावर गवत धरा. मी तीस वर्षं पी.टी. शिकवली म्हणून मला मध्ये बसवलं होतं. दोन्हीकडची कोटेशनं वाचून झाली, चहा आला, आणि मागे बसलेल्या एका काकीने विचारलं, "मास्तर, टर्फार पोरांची ढोपरां फुटतत म्हणतत, ता खरा काय?"

मला धड हो म्हणता येईना, धड नाही म्हणता येईना. पुढच्या बैठकीत सांगतो म्हणून वेळ मारून नेली. त्यानंतर जे वाचलं आणि इतकी वर्षं जे डोळ्यांनी पाहिलं, ते इथे मांडतोय. हा प्रश्न आता किनाऱ्यावरच्या बऱ्याच वाड्यांपुढे आहे.

टर्फ म्हणजे नेमकं कुठलं

कृत्रिम मैदान गाजलं ते १९६६ साली, अमेरिकेत ह्यूस्टनच्या ॲस्ट्रोडोममध्ये. ॲस्ट्रोटर्फ हे नावही तिथलंच. आखूड नायलॉनची ती चटई होती, दारातल्या पायपुसण्याची मोठी बहीण म्हणा. १९७६ च्या मॉन्ट्रियल ऑलिंपिकमध्ये हॉकी पहिल्यांदा अशा मैदानावर खेळली गेली आणि वर्षभरापूर्वीच विश्वचषक जिंकलेला भारत तिथे सातवा आला. आमच्या पिढीच्या मनात टर्फविषयी जी अढी आहे ती तेव्हापासूनची. त्याच वर्षी अमेरिकेतल्या डॉक्टरांनी पायाच्या अंगठ्याच्या एका दुखापतीला 'टर्फ टो' असं नावच देऊन टाकलं. बूट चटईला धरून राहतो, अंग पुढे जातं आणि अंगठा सांध्यातून मागे मुडपतो.

आज जे चांगलं टर्फ म्हणून विकलं जातं ते या मानाने फार वेगळं आहे. चाळीस ते साठ मिलिमीटर उंचीची प्लॅस्टिकची पाती, त्यांच्या बुडात सिलिका वाळू, वर रबराचे काळे दाणे, आणि नीट केलेलं असेल तर सगळ्याच्या खाली धक्का शोषणारं पॅड. ही तिसरी पिढी. ती आणि आपल्याकडच्या बॉक्स क्रिकेटच्या पिंजऱ्यातलं टर्फ एकच असेल असं समजू नका. मी पाहिलेल्या काही पिंजऱ्यांत पाती जेमतेम बोटाच्या पेराएवढी होती, दाणे नावाला, आणि खाली थेट कोबा. त्यावर पडणं म्हणजे अंगणातल्या लादीवर सतरंजी टाकून पडण्यासारखंच. परदेशातले अभ्यास टर्फविषयी जे बरं बोलतात त्यातलं काहीही अशा टर्फला लागू पडत नाही.

घोटा आणि गुडघा

सगळ्यात जास्त चर्चा झाली ती अमेरिकन फुटबॉलच्या व्यावसायिक लीगची. २०१२ ते २०१६ या हंगामांतले सामने तपासले तेव्हा कृत्रिम मैदानावर कमरेखालच्या दुखापती गवतापेक्षा १६ टक्के जास्त निघाल्या. कोणाचा धक्का न लागता, आपलं आपण वळताना झालेल्या दुखापतींत हे अंतर आणखी वाढलं. पण तो खेळ आपला नाही. शंभर किलोंचे गडी पूर्ण वेगात एकमेकांवर आदळतात तिथे.

आपल्या फुटबॉलचा, म्हणजे पायाने खेळायच्या फुटबॉलचा, युरोपातल्या वरच्या दर्जाच्या क्लबांवर केलेला अभ्यास २००६ मध्ये आला. त्यात एकूण दुखापतींत फरक दिसला नाही. पाय मुरगळण्याचं प्रमाण मात्र टर्फवर चढं होतं: सामन्यांच्या दर १००० तासांमागे टर्फवर ४.८३ आणि गवतावर २.६६. उलट मांडीचे वगैरे स्नायू ताणले जाण्याचं प्रमाण टर्फवर कमी होतं.

हे आकडे ऐकायला भयंकर वाटतात, जवळजवळ दुप्पट. आता वाडीच्या भाषेत हिशेब करू. आपला मुलगा आठवड्याला दोन तास खरा सामना खेळतो असं धरलं तर वर्षाचे शंभर तास झाले. १००० तास व्हायला दहा वर्षं लागतील. म्हणजे दहा वर्षांत फरक पडतो तो दोनेक वेळा जास्त पाय मुरगळण्याचा. तेही त्या युरोपियन गड्यांच्या वेगाने खेळला तर. मुरगळलेला पाय ही किरकोळ गोष्ट आहे असं मी म्हणत नाही. एकदा मुरगळलेला आणि हळदीच्या लेपावर भागवलेला घोटा पुढे चार वेळा मुरगळतो, हे मी वर्गातल्या मुलांत पाहिलंय. पण भीतीचं माप काय असावं ते या हिशेबातून कळतं.

आता काकीचा मूळ प्रश्न, ढोपराचा. गुडघ्यातला पुढचा लिगामेंट, म्हणजे हाडाला हाड बांधून ठेवणारा पट्टा, ज्याला एसीएल म्हणतात, तो तुटला की वर्ष गेलं, कधी खेळच गेला. या लिगामेंटवरचे अभ्यास एकत्र करून २०१५ मध्ये निष्कर्ष काढला गेला तो असा की अमेरिकन फुटबॉलमध्ये टर्फवर धोका वाढलेला दिसतो, आपल्या फुटबॉलमध्ये दिसत नाही. २०२२ मध्ये १९७२ पासूनचे ५३ अभ्यास तपासून आणखी एक आढावा आला. त्यात पाऊल आणि घोट्याच्या दुखापती टर्फवर जास्त आढळल्या, जुन्या टर्फवरही आणि नव्यावरही. गुडघा आणि खुबा साधारण सारखेच. फक्त अगदी वरच्या पातळीच्या खेळाडूंच्या गुडघ्याला टर्फवर धोका थोडा जास्त असू शकतो. तेव्हा काकी, ढोपरापेक्षा घोट्याची काळजी जास्त.

असं का होतं ते समजायला डॉक्टर व्हायला नको. गवतावर धावता धावता गर्रकन वळलात की बुटाखालचं गवत मुळासकट उपटतं, ढेकूळ निघतं, पाय जरासा सरकतो. मैदान खराब होतं पण पीळ तिथेच संपतो. टर्फची पाती उपटत नाहीत. जमिनीने माघार घेतली नाही की ती सांध्याला घ्यावी लागते. कबड्डी मातीवरून मॅटवर गेली तेव्हा आमच्या मुलांनी हेच अनुभवलं. मातीत घसरत चढाई करायची सवय, आणि मॅटवर बूट घातलेला पाय टाकला तिथेच खिळायचा. पहिल्या दोन वर्षांत किती क्रेप बँडेजं आणली ते शाळेच्या खर्चाच्या वहीत सापडेल.

अभ्यासात नसलेली जमीन

इथपर्यंत वाचून कोणी म्हणेल, ठरलं तर मग, गवत बरं. थोडं थांबा. या सगळ्या अभ्यासांत टर्फशी ज्या गवताची तुलना केली आहे ते पगारी माळ्यांनी राखलेलं, पाणी दिलेलं, कापलेलं, रोलर फिरवलेलं गवत आहे. आपल्या शाळेमागे ते आहे का?

आपल्याकडे मृगात गवत उगवतं, श्रावणात ते गुडघ्याएवढं होतं, गणपतीत कोणीतरी कापून गुरांना नेतं, दिवाळीपर्यंत जमीन जरा मऊ असते. पौषात गवत पिवळं पडतं. माघापासून पुढे नुसती तांबडी माती, तिच्यावर जांभ्याचे बारीक खडे, आणि मध्येच डोकं वर काढलेला कातळ. सड्यावरच्या मैदानांत तर माती टीचभर, खाली सगळा दगड. भात कापल्यावर मळ्यात खेळणारी मुलं धसांवरून धावतात ते वेगळंच. आणि खेळाचा आपला हंगाम नेमका हाच: जानेवारी ते मे, अंडरआर्म क्रिकेटच्या स्पर्धा, शिमग्याच्या सुट्टीतले सामने, चाकरमान्यांचा मे महिना. म्हणजे गवत असतं तेव्हा आपण खेळत नाही आणि खेळतो तेव्हा गवत नसतं.

म्हणून आपल्यापुढची खरी तुलना टर्फ आणि कडक तांबडी माती यांच्यात आहे. त्या मातीवर कोणी मोठा अभ्यास केलेला माझ्या वाचनात नाही, पण जवळचं एक उदाहरण ऑस्ट्रेलियातलं आहे. जॉन ऑर्चर्ड या तिथल्या क्रीडावैद्यकाने त्यांच्या फुटबॉलमधल्या गुडघ्याच्या दुखापतींचा हवामानाशी संबंध तपासला. पाऊस कमी आणि बाष्पीभवन जास्त, म्हणजे जमीन कोरडी आणि कडक, तेव्हा एसीएल जास्त तुटलेले आढळले. पुढे त्यांनी गवताच्या जातीकडे पाहिलं. राय गवताच्या मैदानांपेक्षा बर्म्युडा गवताच्या मैदानांवर हा लिगामेंट जास्त जातो असं त्यांना दिसलं. बर्म्युडाच्या आडव्या धावत्या दोऱ्यांचा जमिनीलगत दाट थर होतो आणि स्टड, म्हणजे बुटाच्या तळाची टोकं, त्यात अडकतात.

बर्म्युडा म्हणजे दुसरं तिसरं काही नाही, आपली हरळी. गणपतीला वाहतो ती दूर्वा. मैदानासाठी नर्सरीवाला हमखास हीच सुचवणार, आणि ते बरोबरही आहे, कारण आपल्या उन्हात आणि खाऱ्या वाऱ्यात टिकणारी ती आहे. फक्त ती वाढू देऊन गादी केली तर तीही टर्फसारखीच पाय धरून ठेवते. कापत राहावी लागते, मधूनमधून खरवडावी लागते. निसर्गाचं म्हणून सगळं आपोआप सुरक्षित, असं धरून चालू नका.

तांबड्या मातीवर माझ्या पाहण्यातल्या दुखापती वेगळ्याच. मुरगळणं कमी, कारण सुटी माती पायाखालून सरकते. पण सोललेले गुडघे आणि कोपरं, खड्यावर उडालेला चेंडू तोंडावर बसणं, खळग्यात पाय जाणं आणि पडताना हात टेकून मनगट मोडणं. दरवर्षी मे महिन्यात निदान एक मनगट. डोकं कातळावर आपटण्याची भीती तर प्रत्येक झेलाला.

पाऊस, खार आणि ऊन

टर्फ विकायला येणारा माणूस फोटो आणतो ते पुण्या-मुंबईचे. आपल्याकडे चार महिन्यांत तीन हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो, हे त्याला आधी सांगा. पाण्याचा निचरा चांगला असेल तर टर्फ पावसातही खेळता येतं, आणि खरं सांगायचं तर टर्फची सगळ्यात मोठी बाजू हीच आहे. जून ते सप्टेंबर आमची मुलं अंगणवाडीच्या पडवीत कॅरम खेळतात. त्या काळात धावायला मिळणं लहान गोष्ट नाही. आठ महिने खेळून चार महिने बसलेलं शरीर दिवाळीनंतर एकदम मैदानात उतरतं तेव्हाही दुखापती होतात.

पण त्याच पावसात दाणे वाहून जातात. पहिल्या पावसाळ्यानंतर कडेच्या गटारात रबराची काळी रांगोळी दिसते आणि टर्फच्या मध्यावर नुसती वाळू उरते. दाणे गेले की धक्का झेलणारं कोणी राहत नाही, पाती आडव्या होतात, आणि सावलीच्या कोपऱ्यात शेवाळ धरतं. शेवाळ धरलेलं टर्फ आणि शेवाळलेली विहिरीची पायरी यांत मला फरक वाटत नाही. दर पावसाळ्यानंतर दाणे भरायचे, ब्रश मारून पाती उभी करायची, हा खर्च कोटेशनमध्ये नसतो. वाहून गेलेले दाणे व्हाळातून खाडीत आणि खाडीतून समुद्रात जातात हेही आहेच. युरोपीय संघाने २०२३ च्या नियमाने अशा दाण्यांच्या विक्रीवर २०३१ पासून बंदी घातली आहे. मासळीवर जगणाऱ्या गावाने याचा विचार करावा. तुमची जागा नदीकाठी असेल तर २०२१ चा जुलै आठवा, वाशिष्ठीने चिपळुणात काय केलं ते. चिखल एकदा पात्यांत बसला की निघत नाही.

खारा वारा जाळीच्या खांबांना खातो. टर्फच्या दुखापतींत खांबांचा आणि भिंतीचा हिशेब कोणी धरत नाही, पण लहान पिंजऱ्यात धावता धावता आपटायची जागा तीच. खांबांना पॅडिंग आणि रेषेपासून मोकळी जागा, या दोन गोष्टी करारात लिहून घ्या. गंजलेल्या तारेचं टोक बाहेर आलेलं तर मी स्वतः पाहिलंय.

आणि ऊन. अमेरिकेत युटा राज्यातल्या एका विद्यापीठाने २००२ मध्ये मोजलं तेव्हा कृत्रिम मैदानाचा पृष्ठभाग सरासरी ४७ अंश सेल्सिअस होता, शेजारचं गवत २६. कमाल तर नव्वदीच्या पुढे गेलं होतं. पाणी मारलं की थंड होतं, पण वीसेक मिनिटांत जवळजवळ पूर्वपदावर. तिथली हवा कोरडी. आपल्याकडे एप्रिल-मेमध्ये घाम वाळतच नाही, त्यात खालून ही धग. दुपारी अकरा ते साडेचार टर्फला कुलूप, यावर मी तडजोड करणार नाही. अनवाणी तर कधीच नाही. आपली मुलं सवयीने चपला बाहेर काढून आत शिरतात आणि तळव्यांना फोड घेऊन येतात.

सोलण्याबद्दलही एक सांगतो. टर्फवर घसरलं की कातडी भाजल्यासारखी निघते. २००३ मध्ये अमेरिकेतल्या सेंट लुईसच्या व्यावसायिक संघातल्या पाच खेळाडूंना औषधांना दाद न देणाऱ्या जंतूंचे गळू झाले, आणि ते सगळे टर्फवर सोललेल्या जागीच. आपल्या आषाढात जखम आधीच वाळत नाही. साबण-पाण्याने लगेच धुवायची, झाकायची, आणि टॉवेल एकमेकांचा वापरायचा नाही.

तर मग काय घ्यावं

जागा कमी असेल, मोठी मुलं संध्याकाळी दिव्यांत खेळणार असतील, पावसाळ्यातही खेळ हवा असेल आणि देखभालीला दरवर्षी पैसे बाजूला पडणार असतील, तर टर्फ घ्या. मात्र खाली पॅड आहे का ते घालताना समोर उभं राहून बघा. पाती आठ-दहा वर्षांनी बदलावी लागतात, तोवरच्या भाड्यातून ती रक्कम जमते का हेही बघा. लांब स्टडचे किंवा लोखंडी खिळ्यांचे बूट आत नकोत. बारीक रबरी टिकल्यांचे टर्फचे बूट मिळतात तेच घालायचे. निम्म्याहून जास्त मुरगळलेले घोटे मी चुकीच्या बुटांत पाहिलेत.

दहा-बारा वर्षांपर्यंतची मुलं जास्त असतील, जागा मोठी असेल आणि पाण्याची सोय असेल, तर मैदान राखा. विहीर किंवा बोअर मार्चनंतर खारी होत असेल तर आधी पाणी तपासून घ्या. गवताच्या जातीसाठी आपल्याकडे दापोलीचं कृषी विद्यापीठ आहे, नर्सरीवाल्याच्या शब्दावर जाऊ नका. मेच्या आधी वरचे खडे काढून वीतभर चांगली माती चढवायची, पहिल्या पावसावर हरळीचे ठोंब लावायचे, आणि पहिलं वर्ष त्यावर कोणाला धावू द्यायचं नाही. ही शेवटची अट पाळणं गावात सगळ्यात कठीण. शिवाय एक माणूस कायमचा लागतो. त्याचा पगार मुंबई मंडळाच्या पत्रकात 'उद्घाटन' या शब्दाखाली येत नाही, म्हणून तो कोणी धरत नाही.

खेळाडूंना विचाराल तर ते गवताच्या बाजूने आहेत. २०१५ चा महिला विश्वचषक कॅनडात पूर्णपणे कृत्रिम मैदानांवर झाला, त्याविरुद्ध नामांकित खेळाडूंनी आधीच्या वर्षी तिथल्या न्यायाधिकरणात दाद मागितली होती. २०२६ च्या पुरुषांच्या विश्वचषकाला अट ठेवली ती नैसर्गिक गवताची. टर्फ असलेल्या अमेरिकी स्टेडियमवरही त्यासाठी गवत अंथरायची वेळ आली. अर्थात त्यांच्याकडे ते राखायला फौज आहे.

आणि या दोन्हींहून स्वस्त असलेली गोष्ट कोणत्याच कोटेशनमध्ये नव्हती. फिफाचा '११+' नावाचा वीस मिनिटांचा वॉर्म-अप आहे: हलकं धावणं, एका पायावर तोल, गुडघा आत न वळू देता उड्या, मांडीमागच्या स्नायूंचे व्यायाम. नॉर्वेत १३ ते १७ वर्षांच्या मुलींच्या संघांनी तो नेमाने केला, २००८ मध्ये त्याचे निकाल आले. एकूण दुखापती साधारण एक तृतीयांशाने कमी. वरचा १६ टक्क्यांचा आकडा याच्या शेजारी ठेवून बघा. आपली मुलं मोटरसायकल लावतात, टॉस उडवतात आणि थेट बॅटिंगला उभी राहतात.

पुढच्या बैठकीत मी सांगितलं ते असं. लहान मुलांसाठी मैदान आधी, त्यातली निम्मी रक्कम माती आणि पाण्यावर. टर्फ घालायचंच असेल तर पॅडसकट, नाहीतर दोन वर्षं थांबून पैसे वाढवा. चाकरमान्यांचे चेहरे उतरले. एकाने व्हॉट्सॲपवर टर्फच्या उद्घाटनाचा बॅनरही करून ठेवला होता. ठराव अजून झालेला नाही. काकीने मात्र तेवढ्यात नातवाला पुढे ढकललं, "ह्याका तो वीस मिनटांचो व्यायाम शिकवा आधी, बाकीचा मगे बघू." रविवारी सकाळी सात वाजता शाळेमागे. येताना प्रत्येकाने एक पाटी आणायची आहे, खडे वेचायला.